वाऱ्याचा वाटा

केळीचं झाड आयुष्यात एकदाच निसवतं, म्हणजे फुलावर येतं. लागवडीनंतर सात-आठ महिन्यांनी पोंग्यातून, म्हणजे शेंड्याच्या गुंडाळलेल्या पानांतून, जांभळं कमळ डोकावतं, आणि त्यानंतर त्या झाडाला एकही नवं पान येत नाही. अंगावर जी दहा-बारा हिरवी पानं असतील, त्यांच्याच जिवावर पुढचे तीन-चार महिने काढायचे आणि वीस-पंचवीस किलोचा घड भरायचा. घड उतरला की त्या खोडाचं काम संपलं. रावेर, यावल, चोपडा, मुक्ताईनगर या तापीकाठच्या पट्ट्यात हे शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. वर्षभर पाणी, खत, माया देऊन वाढवलेलं झाड आपल्याच हातानं कापायचं, हा इथला रिवाज आहे. अशा माणसाला सोडून द्यायला वेगळं शिकवावं लागू नये, असं कुणालाही वाटेल. पण बागेत झपाझप खोडं तोडणारा तोच माणूस बांधावरच्या एका तासासाठी, नांगराच्या एका ओळीसाठी, सख्ख्या भावाशी वीस वर्षं बोलत नाही. हाताला जे येतं ते मनाला येतंच असं नाही.

जे आहे ते स्वीकारावं, गेलेलं सोडून द्यावं, हे कीर्तनात ऐकतो आणि सकाळी मोबाईलवर येणाऱ्या फुलांच्या चित्रांवरही वाचतो. उपदेश खोटा नाही. फक्त तो कसा अमलात आणायचा, केव्हा, आणि काय सोडायचं नाही, हे त्यात नसतं. केळीच्या बागेत मात्र हे सगळं विळ्याच्या टोकापर्यंत ठरलेलं आहे, म्हणून त्याबद्दल बागेतूनच बोलावं असं मला वाटतं.

सुरुवात पिलांपासून. साधारण तिसऱ्या महिन्यापासून कंदाच्या बाजूनं पिलं फुटायला लागतात. नवख्या बागायतदाराला ती बघून बरं वाटतं, झाडाला जोम आहे असं वाटतं. जोम असतोच, पण पील आईच्याच कंदातून खातं. ठिबकमधून सोडलेलं खत, पाणी, सगळ्यात त्याचा वाटा. म्हणून निसवण होईपर्यंत दर पंधरा-वीस दिवसांनी बागेत फिरून प्रत्येक पील धारदार विळ्यानं जमिनीलगत कापायचं. नुसतं वरवर छाटलं तर आतला कोंब जिवंत राहतो आणि आठवड्याभरात पील पुन्हा मान वर काढतं. त्यामुळे कापल्यावर विळ्याचं टोक मधोमध घालून कोंब फिरवून काढावा लागतो. पील वीतभर असेल तर हे काम दोन घावांत होतं. 'पुढच्या पाळीला बघू' म्हणून राहिलं आणि ते मांडीएवढं झालं, तर विळा पुरत नाही, कुदळ घ्यावी लागते. कुदळीचा घाव आईच्या कंदाला बसतो, मुळं तुटतात, आणि त्या जखमेतून पावसाळ्यात कंद सडायला लागतो. झाड उभं दिसतं, पण पुढं घड लागला की त्याच बाजूनं कोसळतं.

सोडणं लांबलं की हत्यार बदलावं लागतं. भावकीतल्या वादात नेमकं हेच होतं. पहिल्या वर्षी नांगराचा एक तास इकडे सरकलेला असतो. तेव्हा ओट्यावर बसून, चहा घेऊन, 'जाऊ दे रे, तुझाच काय माझाच काय' म्हणून ते मिटतं. दहाव्या वर्षी त्याच तासासाठी सरकारी मोजणी, वकील आणि तारखा लागतात, आणि तोवर दोन्ही घरांतली लग्नं एकमेकांना न बोलावता उरकलेली असतात. ज्या रुसव्याचा कोंब वीतभर असताना निघाला असता, तो काढताना आता कंदच दुखावतो.

सगळी पिलं मात्र कापायची नसतात. पिलबाग, म्हणजे त्याच कंदाच्या पिलापासून पुढचं पीक, धरायची असेल तर निसवणीनंतर एक पील राखायचं. एकच. कोणतं राखायचं, याचे ठोकताळे पक्के आहेत: तलवारीच्या पात्यासारखी अरुंद पानं असलेलं आणि बुंध्याशी जाड पील घ्यायचं. रुंद पानांचं, नाजूक बुंध्याचं पील दिसायला मोठं असतं, पण कंदाशी त्याचं नातं कच्चं असतं. घड ज्या बाजूला झुकलाय, त्याच्या विरुद्ध बाजूचं पील निवडायचं, म्हणजे घड उतरवताना ते तुडवलं जात नाही. 'दोन्ही चांगली आहेत, दोन्ही राहू दे' हा मोह ज्याला आवरत नाही, त्याच्या पिलबागेत पुढच्या वर्षी दोन-दोन बारीक घड लोंबतात आणि व्यापारी दोघांनाही भाव पाडून मागतो.

फण्यांचं काम पिलांपेक्षा जिवावर येतं, कारण इथं कापायचं असतं ते प्रत्यक्ष फळ. ग्रँड नैन जातीच्या चांगल्या पोसलेल्या झाडाला दहा-बारा फण्या सहज येतात. त्यातल्या वरच्या आठ-नऊ ठेवून खालच्या काढायच्या. वरच्या फण्यांतली केळी लांब आणि भरदार होतात, खालची आखूड राहतात, आणि अन्न पुरवणारी पानं तर तेवढीच आहेत. हे काम फण्या उघडल्यावर लगेच, केळी बोटाएवढी असतानाच करायचं. महिन्यानं कापलं तर त्या फण्यांनी आपला वाटा खाऊन झालेला असतो. नुकसान दोन्हीकडून.

यात एक बारकावा आहे, तो जाणत्या मजुराच्या हातातच बघावा. ठेवलेल्या शेवटच्या फणीखालची पहिली फणी काढताना तो ती सगळी कापत नाही. तिच्यातलं एक केळ तसंच दांड्यावर ठेवतो. एकटं, बारीक, विक्रीच्या कामाचं नाही. पण ते एक केळ असलं की दांड्यात रस चालू राहतो आणि कापलेल्या टोकाकडून सडत सडत वर येणारी कूज चांगल्या फणीपर्यंत पोहोचत नाही. त्याच सुमाराला, शेवटच्या फणीच्या सहा-आठ इंच खाली, केळफूलही मोडून टाकतात. ते भल्या सकाळी मोडत नाहीत, कारण तेव्हा झाडात पाण्याचा ताण नसतो, चीक भरभरून वाहतो आणि खालच्या केळ्यांवर पडून काळे डाग पाडतो. ऊन वर आलं की चीक आटोक्यात असतो. मोडलेलं केळफूल घरी जातं. प्रत्येक फुलातला ताठ दांडा काढून, चिरून, ताकाच्या पाण्यात भिजवून त्याची भाजी होते.

त्या एका केळाबद्दल मला फार आदर वाटतो. ज्या घरात कुणी गेलेलं असतं, त्या घराला आपण 'सगळं विसर' असं सांगतो. सगळं विसरायची गरज नसते. शर्ट, चपला, औषधांचे डबे यथावकाश जातात. एखादी गोष्ट राहू द्यावी, तिचा उपयोग कुणाला समजो न समजो.

आणि आता हरण्या. श्रावण-भाद्रपदात सलग झड लागली, ऊन दिसेनासं झालं, हवा गार झाली की जून-जुलैत लावलेल्या कोवळ्या मृगबागेत हा रोग येतो. पुस्तकात त्याला सीएमव्ही, म्हणजे कुकुंबर मोझॅक व्हायरस, म्हणतात. पानांवर पिवळे पट्टे, पान अरुंद आणि वाकडं, पुढे पोंगा सडतो. मावा ही बारीक कीड तो एका झाडावरून दुसऱ्यावर नेते, आणि काकडी, भोपळा, टोमॅटो, मिरची यांच्यावरही हा रोग राहतो, म्हणून बागेत किंवा बागेच्या शेजारी ही पिकं घेऊ नयेत. बांधावरचं तणही साफ ठेवावं. त्याला औषध नाही. माव्याला औषध आहे, रोग लागलेल्या झाडाला नाही. झाड कंदासकट उपटायचं, बागेपासून लांब नेऊन खोल गाडायचं किंवा जाळायचं, चार-पाच दिवसांनी पुन्हा पूर्ण बाग फिरायची. उपटलेलं झाड बांधावर टाकलं तर त्यावरचा मावा चालत शेजारच्या झाडावर जातो, ही चूक दरवर्षी होते.

इथं माणूस अडतो. रोप विकत आणलेलं असतं, दोन-अडीच महिन्यांचं झालेलं असतं, आणि पट्टे नुकतेच दिसायला लागलेले असतात. 'ऊन पडलं की सुधरेल' असं वाटतं. ऊन पडल्यावर नवं पान कधी कधी थोडं बरं दिसतंही, त्यानं आशा आणखी वाढते. दुकानदाराकडून एक फवारणी, मग दुसरी. तोवर त्या एका झाडाभोवतीची आठ झाडं लागलेली असतात. स्वीकारणं इथं अगदी कोरडं, हिशेबी काम आहे: रोग ओळखायचा आणि त्याच दिवशी उपटायचं. झाडाशी वैर नसतं. उपटताना वाईट वाटतं आणि वाटावंही, पण त्या वाटण्यासाठी दुसऱ्या दिवसाची वाट बघू नये.

घड उतरवल्यावर मूळ खोडाचं काय करायचं, याबद्दल गावात दोन मतं असतात. काही जण लगेच मुळापासून तोडून मोकळे होतात, रान साफ दिसतं. पिलबाग धरली असेल तर ते बरोबर नाही. खोड तीन-चार फुटांवर कापून उभं ठेवावं. त्या खोडात पाणी आणि अन्नद्रव्यं भरलेली असतात, ती हळूहळू कंदातून पिलाकडे उतरतात. ते आपोआप सुकत जातं, मग काढायचं. घरातल्या म्हाताऱ्यांकडे बघताना मला हेच आठवतं. मुलगा ठिबक चालवायला लागला, विद्राव्य खतांचं वेळापत्रक त्यानं आपलं आपण बसवलं, की बाबांना दोन टोकं दिसतात: एकतर प्रत्येक व्हॉल्व्ह अजून आपणच फिरवायचा, नाहीतर 'आता मला काही विचारू नका' म्हणून खाटेवर पडून राहायचं. मधली जागा अवघड आहे पण आहे. वखार कुठं भरवशाची, कोणत्या विहिरीचं पाणी चैत्रात बसतं, कोणता व्यापारी वजनात कटती जास्त धरतो, हे मुलाला वहीत मिळत नाही. ते त्यानं विचारावं आणि बाबांनी विचारल्यावर सांगावं. व्हॉल्व्ह त्याच्याकडे राहू द्यावा, एखाद्या पाळीला पाणी कमी पडलं तरी. निम्मी घरं या एका गोष्टीवरून धुमसत असतात.

आपल्या खान्देशात सोडण्याचा एक दिवसच ठरलेला आहे. आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया. त्या दिवशी पितरांच्या नावानं घागर भरतात, वर लहान मडकं, त्यावर आंबा, डांगर. आमरस-पुरणपोळीचा घास चुलीच्या विस्तवावर आगारी म्हणून टाकतात आणि मगच घरचे जेवतात. गेलेला माणूस वर्षातून एकदा नाव घेऊन जेवायला बोलावला जातो, आणि जेवण झालं की दिवस पुढे सरकतो. सासरवाशिणी माहेरी आलेल्या असतात, निंबाच्या फांदीला झोके बांधलेले असतात, गौराईची गाणी चालतात, आणि चार दिवसांनी त्या परत निघतात. आई पिशवीत कुरडया, पापड, सांजोऱ्या भरते. सालदाराचं सालही याच दिवशी संपतं. हिशेब पुरा करून तो दुसऱ्या मळ्यात जायला मोकळा, मालकही मोकळा. मेलेल्याची आठवण, मुलीचं जाणं, चाकरीचा शेवट, तिन्ही एकाच सणाला बांधून ठेवणाऱ्या लोकांना माणसाचं मन नीट माहीत होतं. दुःखाला तारीख दिली की ते बाकीच्या दिवसांवर सांडत नाही.

आखाजीनंतर वाऱ्याचे दिवस. मेचा दुसरा पंधरवडा आणि जूनचा पहिला आठवडा. पारा ४४-४५ वर, दुपारी पश्चिमेला मातीचा रंग चढतो आणि अर्ध्या तासात सगळं होऊन जातं. नेमका याच वेळी मृगबागेचा घड भरलेला असतो. केळीला लाकूड नसतं, खोड म्हणजे पानांच्या देठांच्या रुंद बुडांची एकावर एक गुंडाळी. मुळं बहुतेक वरच्या दीड फुटातच पसरलेली. अशा खोडाच्या शेंड्यावर वीस-पंचवीस किलो एका बाजूला लटकलेले. पानं शिरांच्या रेषेत फाटतात, ते चांगलंच असतं. फाटक्या पानातून वारा निघून जातो आणि हिरवं आहे तोवर फाटकं पानही अन्न करतं. पण एका मर्यादेपलीकडे पानाचं फाटणंही पुरत नाही. आधी पाऊस येऊन माती सैल झाली असेल तर झाड कंदासकट उपटतं. माती कोरडी असेल तर मधून मोडतं.

त्या संध्याकाळी बांधावर उभ्या असलेल्या माणसाला कुणी 'जाऊ द्या भाऊ, निसर्गापुढं काय' असं म्हणू नये. त्याला ते माहीत आहे. शेजारच्या मळ्यातून चहाची किटली यावी, कुणीतरी बाजूला उभं राहावं, एवढंच पुरेसं असतं. आणि त्या संध्याकाळी एकही निर्णय घेऊ नये. जमीन विकायची, केळी कायमची बंद करायची, पोराला पुण्याला कंपनीत धाडायचं, हे सगळं त्या रात्री बोललं जातं. बोलू द्यावं, ठरवू नये. घरातल्या बाईमाणसानं त्या रात्री त्याला एकटं सोडू नये, कर्जाचा आकडा काढू नये आणि फवारणीची औषधं ठेवलेल्या खोलीची किल्ली आपल्याकडे घ्यावी. हे स्पष्ट लिहिणं भाग आहे.

पहिल्या दिवसाचं काम फक्त दोन: फोटो आणि कळवणं. काहीही हलवण्याआधी शेताचे चारही बाजूंनी फोटो काढावेत, त्यात विहीर, विजेची डीपी, रस्ता अशी ओळखीची खूण यावी. विमा काढला असेल तर नुकसानीची सूचना मुदतीत, ७२ तासांच्या आत, गेली पाहिजे आणि तिचा नोंद क्रमांक लिहून ठेवला पाहिजे. पंचनामा गावचे महसूल, कृषी आणि ग्रामपंचायत अधिकारी (पूर्वीचे तलाठी, कृषी सहायक आणि ग्रामसेवक) मिळून करतात. त्यांनी लिहिलेलं क्षेत्र आणि खोडांचा आकडा वाचल्याशिवाय सही करू नये. इथं सगळ्यात जास्त घोटाळा होतो तो सातबाऱ्यावर: ई-पीक पाहणीत केळीची नोंदच केलेली नसते, आणि उभी बाग आडवी झाली तरी कागदावर ते रान पडीक असतं. जे वाऱ्यानं नेलं ते सोडावं. जे कागदानं अडवलंय ते मुळीच सोडू नये, कितीही खेटे घालावे लागले तरी. या दोन गोष्टींची गल्लत झाली की स्वीकाराच्या नावाखाली माणूस आपला हक्क सोडून बसतो, आणि ज्याचा काहीच इलाज नव्हता त्या वाऱ्यावर मात्र वर्षभर चिडत राहतो.

दुसऱ्या दिवशी पहाटे वही घेऊन ओळीओळीनं फिरायचं. झाडं चार प्रकारची सापडतात. उपटून आडवी झालेली गेली, ती उभी करण्यात मजुरी घालू नये. मोडलेल्यांचा कंद शाबूत असतो, ती खाली कापून एक पील राखलं तर जागा वाया जात नाही. कललेल्या झाडाचा कंद उघडा पडला नसेल तर त्याच दिवशी माती चढवून बांबूचा टेकू द्यावा. दोन-तीन दिवस गेले की ते त्याच कलात घट्ट होतं आणि मग उभं करताना उरलेली मुळंही तुटतात. उभ्या राहिलेल्या झाडांची पानं मोजावीत. घड कोवळा आणि धड पानं पाच-सहाच उरली असतील तर खालच्या दोन-तीन फण्या आणखी काढाव्यात. बाकीचा घड तरी भरेल. वादळानं इतकं नेल्यावर पुन्हा स्वतःच्या हातानं काढायचं, हे कठीण आहे. अनुभवी माणसंसुद्धा इथं विळा परत खिशात घालतात, आणि कापणीला सगळ्याच फण्या चिपाड निघतात.

पडलेल्या घडांना उन्हात एक दिवससुद्धा सहन होत नाही, साल भाजून काळी पडते. म्हणून आडवे घड तुटलेल्या पानांनी लगेच झाकायचे. केळ्याच्या धारा, म्हणजे सालीवरच्या कडा, बऱ्याच बुजल्या असतील तर माल काढून मिळेल त्या भावाला द्यावा, धारा अजून टोकदार असतील तर वेफर्सवाल्याला विचारावं. भाव कमीच मिळतो. त्या दिवशी 'बऱ्हाणपूरच्या बाजाराचा दर इतका असताना' असं म्हणण्यात अर्थ नसतो, संध्याकाळपर्यंत तोही माल हातचा जातो.

पहिला पाऊस पडला की वाऱ्याला आडोसा म्हणून बागेच्या पश्चिम आणि दक्षिण बाजूला शेवरीचं, या झपाट्यानं वाढणाऱ्या झाडाचं, बी टाकावं. दोन ओळी, एकीच्या फटीत दुसरीचं झाड येईल अशा, केळीच्या पहिल्या ओळीपासून पाच-सहा फूट लांब, नाहीतर ती केळीचंच पाणी पिते. पाणी मिळालं तर वर्षाच्या आत ती केळीच्या वर जाते. पत्र्याची किंवा विटांची भिंत हे काम करत नाही. वारा भिंतीवरून उडी मारून पलीकडे जोरानं आदळतो, तर शेवरीतून तो गाळून, मंद होऊन येतो. कुंपणाच्या उंचीच्या साधारण दहापट अंतरापर्यंत आडोसा मिळतो, म्हणजे बारा फुटी शेवरीमागे शंभर-सव्वाशे फूट. बाग त्याहून लांब असेल तर मध्ये आणखी एक ओळ टाकावी लागते आणि तेवढी केळीची जागा सोडावी लागते. शेंडे छाटून शेळ्यांना घालता येतात, मात्र एप्रिल-मेमध्ये छाटणी बंद ठेवावी. एवढं करूनही बांधालगतच्या एक-दोन ओळी वादळात जातातच. कर्जाचा आणि घरखर्चाचा हिशेब मांडताना त्या ओळींचे घड उत्पन्नात धरायचे नाहीत. रोपं, पाणी आणि खत मात्र त्यांनाही बाकीच्यांइतकंच द्यायचं.